“निम्मी चूक तुमची” म्हणणाऱ्याने ती सिद्ध करायची असते

प्रश्न थोडक्यात असा आहे. ऐन पावसात, रत्नागिरी जिल्ह्यातल्या साखरप्याच्या अलीकडच्या एका वळणावर चिरे भरलेला डंपर आणि मोटरसायकल समोरासमोर धडकले. मोटरसायकल चालवणारा भाऊ जागीच गेला, मागे बसलेल्या वहिनीचा पाय मांडीत मोडला. भावाच्या डोक्यावर हेल्मेट नव्हते. डंपरचालकाच्या खबरीवरून पोलिसांनी गुन्हा मयत भावावरच नोंदवला. आता डंपरच्या विमा कंपनीचा माणूस म्हणतो, “निम्मी चूक तुमची, मिळालेच तर निम्मे मिळेल, लोकअदालतीत मिटवून टाका.” यात खरे किती, आणि आता करायचे काय?

आधी एक गोष्ट मनात पक्की करा. तुमच्याकडे दोन वेगळे दावे आहेत, एक नाही. भावाच्या मृत्यूचा दावा वहिनी, मुले आणि आई करतील. वहिनीच्या स्वतःच्या दुखापतीचा दावा तिचा एकटीचा. भावाची काही चूक ठरलीच तर ती पहिल्या दाव्यातून वजा होईल. दुसऱ्या दाव्यातून एक रुपयाही कापता येत नाही, कारण मागे बसलेल्या माणसाच्या हातात ना ब्रेक होता ना हँडल. “निम्मे मिळेल” हे वाक्य दोन्ही दाव्यांना मिळून लावले जाते तेव्हा वहिनीचा हक्काचा निम्मा पैसा तिथेच जातो. म्हणून मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे अर्ज दोन करा. त्यांची सुनावणी एकत्र चालली तरी हरकत नाही.

कायद्यात या दोन गोष्टींना नावेही दोन आहेत. ज्याला नुकसान झाले त्याचीच थोडी चूक असेल तर ती काँट्रिब्युटरी निग्लिजन्स, म्हणजे अंशदायी निष्काळजीपणा. तेवढे टक्के त्याच्या भरपाईतून वजा होतात. नुकसान झालेल्याची काहीच चूक नाही, पण दोन वाहनांच्या चुकीत तो भरडला गेला, तर ती काँपोझिट निग्लिजन्स, म्हणजे संयुक्त निष्काळजीपणा. तिथे तो दोघांपैकी कुणाही एकाकडून पूर्ण रक्कम मागू शकतो. ती दोघांनी आपसात कशी वाटून घ्यायची, हा त्यांचा प्रश्न. सर्वोच्च न्यायालयाने २०१५ च्या खेन्येई निकालात हे स्पष्ट केले आहे. एसटीतल्या प्रवाशाला, रिक्षातल्या बाईला, पायी चालणाऱ्याला हाच नियम लागतो. दोनपैकी एक ट्रक पळून गेला आणि त्याचा नंबर मिळाला नाही, तरी सापडलेल्या वाहनाकडून सगळी रक्कम मागता येते.

तरीही वहिनीच्या अर्जात डंपरचा मालक आणि विमा कंपनी यांच्याबरोबर मोटरसायकलची विमा कंपनीसुद्धा जाबदार, म्हणजे प्रतिवादी, म्हणून घाला. न्यायाधिकरणाने उद्या सगळी चूक मोटरसायकलचीच ठरवली, तर डंपरची कंपनी पूर्ण सुटते आणि वहिनीच्या हाती काही उरत नाही. मोटरसायकलची पॉलिसी पॅकेज म्हणजे फुल इन्शुरन्सची असेल तर मागे बसलेली व्यक्ती त्यात येते. नुसती थर्ड पार्टी असेल तर कंपनी हात वर करते आणि बहुतेक वेळा तिचे म्हणणे टिकते. म्हणून पॉलिसीचा कागद आजच काढून बघा.

त्याच पॉलिसीत आणखी एक गोष्ट शोधा: मालक-चालकाचा वैयक्तिक अपघात विमा, १५ लाखांचा. गाडी भावाच्या नावावर असेल, त्याच्याकडे चालू लायसन्स असेल आणि हा हप्ता भरलेला असेल, तर ही रक्कम त्याच्याच विमा कंपनीकडून मिळते. चूक कुणाची हा प्रश्न तिथे येतच नाही. हा वेगळा करार आहे, न्यायाधिकरणातल्या दाव्याशी त्याची सरमिसळ करू नका. कंपनीला लेखी कळवायला मात्र उशीर नको. अनेक घरांत हा विमा भरलेला असतो आणि कुणाला पत्ताच नसतो.

आता मुख्य गोष्ट, “निम्मी चूक”. समोरासमोरच्या धडकेत पन्नास-पन्नास असा कुठलाही नियम नाही. अंशदायी निष्काळजीपणा आहे असे जो म्हणतो, त्याने तो लेखी कैफियतीत, म्हणजे दाव्याला दिलेल्या उत्तरात, नेमका मांडायचा आणि पुराव्याने सिद्ध करायचा. कंपनीने डंपरचालकाला साक्षीला उभेच केले नाही, तर न्यायाधिकरण तिच्याविरुद्ध अनुमान काढू शकते. इथे फौजदारी खटल्यासारखा निःसंशय पुरावाही लागत नाही, जास्त शक्य काय दिसते एवढेच पाहिले जाते. त्यामुळे मयतावर गुन्हा नोंदला आणि आरोपी मयत म्हणून पोलिसांनी अ‍ॅबेटेड समरी, म्हणजे प्रकरण बंद करण्याचा अहवाल, पाठवली, एवढ्याने तुमचा दावा संपत नाही. प्रथम खबर ही एका बाजूची हकिकत असते, आणि इथे ती जिवंत राहिलेल्या चालकाची आहे. पण ती खोडायला तुमच्याकडे काही हवे.

ते “काही” बहुतेक वेळा घटनास्थळ पंचनाम्यात असते, नाहीतर पंचनाम्यात जे लिहायचे राहिले त्यात असते. पंचनाम्याची प्रत हाती आली की पहिल्यांदा रस्त्याची रुंदी पाहा. दोन पदरी डांबरी रस्ता साधारण ७ मीटरचा असतो, म्हणजे मध्य ३.५ मीटरवर. फुटलेल्या काचा, इंडिकेटरचे तुकडे, रक्त, सांडलेले ऑइल हे कोणत्या कडेपासून किती अंतरावर होते? मोटरसायकलच्या डाव्या साईडपट्टीपासून काचा २ मीटरवर असतील तर धडक मोटरसायकलच्या बाजूला झाली, म्हणजे डंपर मध्यरेषा ओलांडून आला. याउलट, धडकेनंतर वाहने जिथे थांबली ती जागा फसवी असते. भरलेला डंपर दुचाकीला फरफटत नेतो, उतारावर आणखी पुढे जातो, चालक मग गाडी बाजूला घेतो. केवळ वाहनांच्या अखेरच्या स्थितीवरून मृताची चूक ठरवता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये जिजू कुरुविला प्रकरणात म्हटले आहे. शवविच्छेदनात मयताच्या पोटातल्या अन्नाला दारूचा वास आला एवढ्यावरून त्याची चूक धरता येत नाही, हेही त्याच निकालात आहे.

कोकणातल्या वळणांवर डंपरचे एक वेगळेच असते. सुमारे अडीच मीटर रुंदीचे लांब वाहन वळताना त्याची मागची चाके पुढच्यांपेक्षा आतून जातात. ती सांभाळायला चालक पुढचे तोंड बाहेर काढतो, म्हणजे समोरच्याच्या पदरात. तुमची मोटरसायकल वळणाच्या बाहेरच्या कडेने येत होती की आतल्या, यावर धडक कशी झाली हे बरेचसे ठरते. म्हणून वळणाचा साधा नकाशा काढा. टेप घेऊन दोन्ही बाजूंनी किती लांबचे दिसते ते मोजा. ताशी ४० किलोमीटरने जाणारे वाहन सेकंदाला ११ मीटर पुढे जाते, ६० ने जाणारे जवळपास १७ मीटर. चालकाचा पाय ब्रेकवर जाईपर्यंत दीड सेकंद धरा: ४० ला सुमारे १७ मीटर, ६० ला २५ मीटर, आणि ओल्या रस्त्यावर गाडी थांबायला लागणारे अंतर त्यावर वेगळे. ज्या वळणावर ३० मीटरच दिसते तिथे भरलेला डंपर ६० ने येत असेल, तर चालकाने सुरुवातीलाच स्वतःला थांबण्याची संधी ठेवलेली नाही. अरुंद चढावर उतरणाऱ्याने चढणाऱ्याला वाट द्यायची आणि वळणावर ओव्हरटेक करायचे नाही, हे रस्त्याचे नियमच आहेत. दोघांपैकी चढत कोण होते, हे पंचनाम्यात लिहिलेले नसेल तर वहिनीच्या साक्षीत यायला हवे.

“मोटरसायकल स्वतःच घसरली” हा बचाव पावसात हमखास येतो. चिऱ्याच्या गाड्यांची लाल माती, कडेची बारीक खडी, यावर दुचाकी घसरते हे खरेच आहे. मग पाहायचे ते रस्त्यावरचे ओरखडे. घसरून मग डंपरखाली गेली असेल तर फूटरेस्टचा किंवा हँडलचा ओरखडा धडकेच्या जागेच्या आधी सुरू होतो. धडकेने पडली असेल तर तो धडकेच्या जागेपासून पुढे जातो. मोटरसायकलचा फोर्क मागे वाकला आहे की एक बाजू घासली आहे, हे आरटीओच्या मोटर वाहन निरीक्षकाच्या अहवालात येते. डंपरचा पुढचा बंपर कोणत्या कोपऱ्यात चेपला आहे हेही त्यात असते. दोन्ही वाहनांचा अहवाल मागा. गाड्या पोलीस ठाण्याच्या आवारात उभ्या आहेत तोवर सगळ्या बाजूंनी फोटो काढा, सुटल्या की डंपर लगेच दुरुस्त होतो. पावसात ओरखडे आणि डाग चार दिवसांत पुसले जातात. म्हणून अपघातानंतरचे गावकऱ्यांच्या मोबाईलमधले फोटोसुद्धा जपा. ते न्यायाधिकरणात दाखल करताना भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चे प्रमाणपत्र लागते. ज्याच्या मोबाईलमध्ये मूळ फोटो आहे त्याला तो पुसू नका म्हणून सांगा. जवळच्या पेट्रोल पंपाचे किंवा हॉटेलचे सीसीटीव्ही असेल तर फुटेज जपून ठेवावे असा लेखी अर्ज पोलिसांना त्याच आठवड्यात द्या, नंतर ते आपोआप पुसले जाते.

आणखी एक जागा जिथे दावे बिघडतात ती म्हणजे दवाखान्याचा केसपेपर. जखमीला घेऊन येणारा माणूस घाईत “गाडी घसरून पडले” असे सांगतो, डॉक्टर तेच लिहितात, आणि दोन वर्षांनी उलटतपासात कंपनीचा वकील तोच कागद पुढे करतो. वहिनी शुद्धीवर येताच तिचा जबाब पोलिसांनी नोंदवावा असा अर्ज करा. ठाण्यात दाद मिळाली नाही तर पोलीस अधीक्षकांकडे. ती जखमी आणि प्रत्यक्ष साक्षीदार आहे, तिच्या शब्दाला वजन आहे. पण साक्षीच्या प्रतिज्ञापत्रात “डंपर भरधाव आला” एवढेच ठरीव वाक्य असेल तर उपयोग होत नाही. डंपर पहिल्यांदा दिसला तेव्हा किती लांब होता, दिवे लावले होते का, हॉर्न दिला का, नवऱ्याने गाडी कोणत्या बाजूला घेतली, असे तिने खरोखर पाहिलेले तपशील हवेत. जे पाहिले नाही ते तिच्या तोंडी घालू नका, उलटतपासात ते पाच मिनिटांत उघडे पडते.

हेल्मेटचे काय? सर्वोच्च न्यायालयाच्या २०२० च्या मोहम्मद सिद्दिकी निकालाचे सूत्र इथे उपयोगी पडते. त्या प्रकरणात एका मोटरसायकलवर तिघे होते. न्यायालयाने म्हटले की नियम मोडला हे पुरेसे नाही. नियमभंगामुळे अपघात झाला, किंवा त्यामुळे जखम वाढली, यापैकी एक संबंध दाखवावा लागतो. म्हणून शवविच्छेदन अहवालातले मृत्यूचे कारण वाचा. छाती किंवा पोट चिरडून मृत्यू झाला असेल तर हेल्मेटचा प्रश्न उरत नाही. फक्त डोक्याची जखम असेल तर काही कपात होऊ शकते, त्याची तयारी ठेवा. वहिनीचा पाय मोडला आहे, तिच्या डोक्यावर हेल्मेट होते की नव्हते याचा तिच्या दाव्याशी काही संबंध नाही. लायसन्सचेही असेच: ते नसणे म्हणजे आपोआप निष्काळजीपणा नव्हे, हे २००८ पासून ठरलेले आहे.

असेच प्रश्न घेऊन येणाऱ्या बाकीच्यांसाठी दोन गोष्टी. महामार्गावर रात्री रिफ्लेक्टर किंवा त्रिकोण न लावता उभ्या केलेल्या ट्रकवर मागून गाडी आदळली, तर “मागून धडकला म्हणून त्याची चूक” हे गृहीत आता टिकत नाही. २०१८ मध्ये आणि पुन्हा २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अशी कपात रद्द केली आहे. पण पुढच्या गाडीच्या शेपटाला लागून चालवत असाल तर अंतर न ठेवल्याचे टक्के तुमच्याकडे येतातच. २०२५ च्या एका निकालात महामार्गावर अचानक ब्रेक मारणाऱ्या मोटारचालकाला ५० टक्के, मागून आलेल्या बसला ३० आणि पुढे अंतर न ठेवणाऱ्या दुचाकीस्वाराला २० टक्के जबाबदार धरले. त्याच्या भरपाईतून फक्त ते २० टक्केच गेले.

टक्क्यांचा पैशावर परिणाम किती होतो, ते एका उदाहरणाने पाहा. मयत ३८ वर्षांचा, मासळीचा धंदा करणारा, महिना १८,००० रुपये कमाई सिद्ध झाली. वर्षाचे २,१६,०००. सर्वोच्च न्यायालयाच्या प्रणय सेठी निकालानुसार स्वयंरोजगारी आणि ४० पेक्षा कमी वय, म्हणून भावी वाढ ४० टक्के: ३,०२,४००. अवलंबून चौघे (बायको, दोन मुले, आई), म्हणून मयताच्या स्वतःच्या खर्चापोटी एक चतुर्थांश वजा: २,२६,८००. ही वार्षिक रक्कम किती वर्षांची धरायची तो आकडा म्हणजे गुणक, सरला वर्मा निकालात ३६ ते ४० वयाला १५: ३४,०२,०००. सहवास गमावल्याचे २०२३ च्या वाढीनंतरचे ४८,४०० प्रत्येकी, चौघांचे १,९३,६००. संपदेची हानी आणि अंत्यविधीचा खर्च यांचे प्रत्येकी १८,१५०. एकूण ३६,३१,९००. भावाची चूक २५ टक्के ठरली तर ९,०७,९७५ जातात आणि २७,२३,९२५ उरतात. ५० टक्के ठरली तर हाती १८,१५,९५० येतात. नीट वाचलेल्या एका पंचनाम्याची किंमत नऊ लाख असू शकते ती अशी. आणि कमाईचा पुरावा तितकाच महत्त्वाचा: लिलावाच्या पावत्या, बँकेचे पासबुक, बोटीच्या किंवा सोसायटीच्या नोंदी. कागद नसतील तर न्यायाधिकरण अंदाज बांधते, आणि तो सहसा कमीच असतो.

वहिनीच्या दाव्यात कायमचे अपंगत्व हा मुद्दा कळीचा. प्रमाणपत्रात पायाचे ३० टक्के लिहिले असतील तर ते पूर्ण शरीराचे ३० टक्के नव्हेत, पण तिच्या कामाच्या दृष्टीने तोटा त्याहून जास्तही असू शकतो. काजू सोलायला तासन्‌तास उकिडवे बसणाऱ्या बाईचा गुडघा वाकत नसेल तर तिचे काम गेलेच. प्रमाणपत्र देणाऱ्या डॉक्टरांना साक्षीला बोलवा आणि हे त्यांच्या तोंडून येऊ द्या.

मुदत: १ एप्रिल २०२२ पासून अर्ज अपघाताच्या तारखेपासून ६ महिन्यांत करायचा आहे. या तरतुदीला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेले आहे, आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये न्यायालयाने केवळ मुदतीच्या कारणाने अर्ज फेटाळू नयेत असा अंतरिम आदेश दिला. तरी त्यावर विसंबून बसू नका, सहा महिन्यांच्या आतच दाखल करा. व्याजही सहसा अर्जाच्या तारखेपासूनच धरले जाते. पोलिसांनी ४८ तासांत पहिला आणि ९० दिवसांत सविस्तर अपघात अहवाल न्यायाधिकरणाकडे पाठवायचा असतो. तो गेला का याची चौकशी करा आणि प्रत घ्या.

अर्ज रत्नागिरीलाच करावा असे बंधन नाही. अपघाताची जागा, अर्जदार राहतो ती जागा किंवा जाबदार राहतो ती जागा, यांपैकी कुठेही चालते. घरचे चाकरमानी असतील आणि वहिनी उपचारासाठी डोंबिवलीला दिराकडे राहायला गेली असेल, तर ठाणे जिल्ह्यात अर्ज करता येतो. मात्र पंच, पोलीस, डॉक्टर हे सगळे साक्षीदार इकडचे. टक्क्यांचीच लढाई असेल तर रत्नागिरी बरे, असे माझे मत आहे. निकाल मान्य नसेल तर ९० दिवसांत उच्च न्यायालयात अपील. ऑगस्ट २०२५ पासून रत्नागिरी आणि सिंधुदुर्गची अपिले कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जातात, रायगडची मुंबईलाच.

मोटार वाहन कायद्याच्या कलम १६४ चा पर्यायही माहीत असू द्या. त्यात चूक सिद्ध करावी लागत नाही, मृत्यूला ५ लाख आणि गंभीर दुखापतीला अडीच लाख समोरच्या वाहनाकडून मिळतात. सगळा पुरावा भावाच्या विरुद्ध जात असेल तरच हा रस्ता धरा, कारण तो धरला की मोठ्या रकमेचा दावा सुटतो.

आणि लोकअदालत. तडजोड वाईट नसते, पण तिथे झालेल्या निवाड्यावर अपील नाही. सही करण्याआधी वरचे गणित तुमच्या आकड्यांनी कागदावर मांडा, आणि कंपनीला दोन्ही दाव्यांचे आकडे वेगवेगळे लिहून द्यायला सांगा. वहिनीच्या दाव्यात “चुकीपोटी वजा” अशी ओळ दिसली तर तो कागद परत करा. तडजोड नाकारली म्हणून पुढच्या सुनावणीत तुमचे काही नुकसान होत नाही, दावा गुणदोषांवर चालतो. आज पोलीस ठाण्यातून मिळवायचे ते असे: पंचनामा, दोन्ही वाहनांचे निरीक्षण अहवाल, शवविच्छेदन अहवाल, डंपरची पॉलिसी, परमिट, फिटनेस आणि चालकाचे लायसन्स.